दहा सेकंदांची गोष्ट

मार्व्याच्या धक्क्यावरून मनोरीला जायला होडीतून काही मिनिटं लागतात. तेच रस्त्यानं जायचं म्हटलं तर भाईंदर, उत्तन, गोराई असा भलामोठा वळसा पडतो. त्यामुळं शहराकडून मनोरीत येणारा माणूस बहुधा होडीनंच येतो आणि उतरल्यावर पहिला दिसेल त्याला रस्ता विचारतो. मागच्या हिवाळ्यात एका शनिवारी दुपारी होडीत आठ-दहा पोरंपोरी चढली. दोन वेताचे मोडे, एक ढोलकी, पोत्यात गुंडाळलेलं काहीतरी आणि त्या सगळ्यावर सतत चाललेली बडबड. स्कूटरवाल्यानं स्कूटर होडीत चढवली तेव्हा मोडे डोक्यावर घ्यावे लागले. पलीकडं उतरल्यावर त्यातल्या एका मुलीनं मला विचारलं, "काका, इथं हॉल कुठंय?" त्यांना तालमीसाठी एक बंगला मिळाला होता. हॉल म्हणजे त्या बंगल्याची पडवी, हे मला नंतर कळलं.

मी बोटानं वाट दाखवली आणि मग स्वतःशीच हसलो. अगदी अशाच एका प्रश्नातून मराठीतलं एक मोठं नाटक जन्माला आलं होतं.

विजय तेंडुलकर पार्ल्याला राहत तेव्हाची गोष्ट. लोकलमधून उतरलेल्या एका हौशी मंडळीनं त्यांना पत्ता विचारला. त्यांचा तिथं कार्यक्रम होता, आणि कार्यक्रम म्हणजे काय, तर अभिरूप न्यायालय. खोटा न्यायाधीश, खोटे वकील, खोटा आरोपी. वाट दाखवताना तेंडुलकरांच्या कानावर त्यांचं आपापसातलं बोलणं पडलं आणि त्यातून पुढं 'शांतता! कोर्ट चालू आहे' उभं राहिलं. १९६७ साली 'रंगायतन' नव्हे (ते ठाण्याचं नाट्यगृह, नावात हमखास घोटाळा होतो), 'रंगायन' या संस्थेनं ते केलं. दिग्दर्शक अरविंद देशपांडे. आणि लीला बेणारेच्या भूमिकेत सुलभा देशपांडे.

मला सांगायचंय ते या बाईंबद्दल. खरं तर त्यांना मिळालेल्या दहा सेकंदांबद्दल.

नाटक बहुतेकांना ठाऊक असेल, तरी ती रचना पुन्हा एकदा न्याहाळण्यासारखी आहे. मुंबईची एक मंडळी एका खेड्यात रात्रीच्या कार्यक्रमासाठी आलीय. रात्री ती अमेरिकेचे अध्यक्ष जॉन्सन यांच्यावर अण्वस्त्रांबद्दल खोटा खटला चालवणार आहे. मध्ये मोकळा वेळ आहे, एक साक्षीदार आलेला नाही, म्हणून गावातल्या सामंत नावाच्या साध्या माणसाला उभं करायचं ठरतं. पण त्याला कोर्ट म्हणजे काय हे दाखवायला हवं. मग चला, गंमत म्हणून आपल्यातल्याच एकावर खटला चालवू. आरोपी कोण? बेणारेबाई. आरोप? भ्रूणहत्या. सगळे हसतात. बेणारेही हसते. आणि बघता बघता त्या खोट्या कोर्टात खरे साक्षीपुरावे यायला लागतात. पर्समधून टिक-ट्वेंटीची, म्हणजे ढेकणाच्या विषाची, बाटली निघते. ती निघून जायला बघते तर दार बाहेरून लागलेलं. नाटकाच्या सुरुवातीला याच दाराच्या कडीत तिचं बोट चेमटलेलं असतं. तेव्हा ते आपल्याला अगदी किरकोळ वाटतं.

बेणारे शिक्षिका आहे. शाळेतून तिला काढून टाकायचं ठरलंय, हेही त्याच खोलीत उघडं पडतं.

आता हे बघा. ही भूमिका करणारी बाई स्वतः शाळेत शिकवलेली. सुलभाताईंची सुरुवात झाली ती दादरच्या छबिलदास मुलांच्या शाळेत शिक्षिका म्हणून. मुलांची नाटकं बसवायचं काम अंगावर आलं, तेव्हा त्यांनी तेंडुलकरांना गाठलं आणि मुलांसाठी नाटकं लिहायला सांगितलं. १९६० साली विजया मेहता, तेंडुलकर, अरविंद देशपांडे प्रभृतींची 'रंगायन' निघाली आणि सुलभाताईही त्यात आल्या. म्हणजे त्या नाटकात शिरल्या त्या वर्गाच्या दारातून. बेणारे नाटकात येते तीच आपल्या शाळेतल्या मुलांबद्दल बोलत. घंटेच्या आधी वर्गात हजर, कामात कधी खोट नाही, असा तिचा अभिमान. ज्या बाईनं स्वतः खडू हातात धरलाय तिच्या तोंडून तो अभिमान निघाला की प्रेक्षकाला त्यात अभिनय शोधावाच लागत नाही. हे माझं मत. पण वर्गासमोर उभं राहणारी शिक्षिका आणि प्रेक्षकांसमोर उभी राहणारी नटी यांत एक गोष्ट सारखी आहे यात शंका नाही. शेवटच्या बाकावरचं कोण ऐकत नाहीये, हे दोघींना पाठीला डोळे असल्यासारखं कळतं.

आता ती दहा सेकंद.

खटला संपत आलाय. न्यायाधीश झालेले काशीकर आरोपीला शेवटचं काही बोलायचंय का विचारतात. वेळ किती? दहा सेकंद. मग रंगमंचावरचा प्रकाश बदलतो, बाकीची सगळी पात्रं जिथल्या तिथं गोठतात आणि बेणारे बोलायला लागते. मामाशी जडलेलं पोरवयातलं प्रेम, मग एका विद्वान प्राध्यापकाची पूजा, शरीर, पोटातलं मूल, जगायची हाव. मिनिटामागून मिनिटं जातात. संपतं तेव्हा प्रकाश पूर्ववत होतो, पुतळे हलतात आणि काशीकर घड्याळ बघून सांगतात, वेळ संपली. त्यांच्या लेखी दहाच सेकंद गेली. त्या खोलीत कुणीही एक अक्षर ऐकलेलं नाही. ऐकलंय फक्त आपण.

हे पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा मी खरोखर चकित झालो होतो. कारण प्रेक्षागृहातल्या एकाही माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही. कुणी उठून विचारत नाही, की बाई एवढं बोलली तर बाकीचे गप्प का? दहा सेकंदं म्हणाले होते, त्याचं काय झालं? एका क्षणात, एकाही शब्दाशिवाय, दोन-तीनशे अनोळखी माणसं एका करारावर सह्या करून मोकळी होतात.

हा करार आपल्याला नवीन नाही म्हणून हे जमतं. कोकणातल्या दशावतारात रंगमंचावर असतं एक बाकडं. तेच सिंहासन, तीच शिळा, तोच पलंग. तमाशातल्या गवळणीत मंडळी एक फेरी मारतात आणि मथुरेच्या वाटेला लागतात. फेरीनं कोस मोजायची सवय आपल्या डोळ्यांना शेकडो वर्षांची आहे. तेंडुलकरांनी एवढंच केलं, की जागा ताणायची युक्ती होती ती काळाला लावली. एवढंच, असं मी सहज लिहून गेलो, पण त्याचा भार पडतो नटीवर. सगळं हलणारं जग थांबलंय आणि एकच देह चालू आहे. त्या वेळात मागं उभ्या असलेल्या काशीकरांची पापणी लवली, वकील झालेल्या सुखात्म्यांना शिंक आली किंवा बेणारेचा आवाज क्षणभर 'भाषणा'वर गेला, की करार फाटला. पुन्हा दहा सेकंद म्हणजे दहाच सेकंद.

या स्वगताची एक गंमत त्या पिढीच्या रंगकर्मींच्या तोंडी आहे. तेंडुलकरांना ते लिहायचंच नव्हतं. एवढा वेळ जी गप्प राहिली तिनं शेवटी गप्पच राहावं, असं काहीसं त्यांचं म्हणणं. अरविंद देशपांडे मात्र अडून बसले. सगळे तिच्याबद्दल बोलले, आता तिला बोलू दे. लेखकाला खोलीत बसवून ते लिहून घेतलं, असं सांगतात. मला दोघांचंही पटतं. कागदावर वाचताना ते स्वगत जरा जास्तच बोलतं असं वाटतं, पण उभं राहिलेलं पाहिलं की ते काढून टाका म्हणायची हिंमत होत नाही.

युरोपात फ्रीडरिश ड्यूरेनमाटनं या आधीच, १९५६ साली, अशाच खेळातल्या खटल्याची गोष्ट लिहिली होती. वाटेत गाडी बंद पडलेला एक विक्रेता निवृत्त न्यायाधीश-वकिलांच्या घरी रात्रीचा जेवायला थांबतो आणि गमतीच्या खटल्यात अडकतो. दोन्हींची तुलना होत आली आहे. पण तिथं आरोपी पुरुष आहे आणि गुन्हा शोधून काढताना त्याला स्वतःच्याच मोठेपणाची नशा चढत जाते. इथं बेणारेला चढावी अशी कुठली नशा शिल्लक ठेवलेली नाही.

आता थोडं पैशांबद्दल, कारण प्रायोगिक नटाच्या आयुष्याबद्दल लिहिताना तो विषय सगळे टाळतात.

व्यावसायिक रंगभूमीवर नटाला प्रत्येक प्रयोगाचे पैसे मिळतात, त्याला 'नाइट' म्हणतात. किती नाइट घेतोस, हा नटांमधला नेहमीचा प्रश्न. दादरला शिवाजी मंदिरात तिकिटं खपतात, कंत्राटदार दौरे लावतात, नाटक शंभर, पाचशे, हजार प्रयोगांपर्यंत जातं. प्रायोगिकात नाइट नसते, आणि असली तर ती परतीच्या लोकलला पुरावी इतकी. दिवसा बँक, शाळा, सरकारी कचेरी, संध्याकाळी तालीम. नाटकाचे पंधरा प्रयोग झाले तरी मंडळी खूश. म्हणजे ज्याला आपण कारकीर्द म्हणतो ती इथं वर चढत जात नाही. ती एकाच मजल्यावर, एकाच खोलीत, वर्षानुवर्षं खणत राहते.

आणि सुलभाताईंच्या बाबतीत ती खोली अक्षरशः शाळेचीच निघाली.

१९७१ साली अरविंद आणि सुलभा देशपांडे, अरुण काकडे आणि सोबत्यांनी 'आविष्कार' ही संस्था काढली. नाटकं होती, माणसं होती, जागा नव्हती. मोठ्या नाट्यगृहाचं भाडं प्रायोगिक नाटकाला परवडत नाही आणि एवढी माणसंही येत नाहीत. मग १९७४ साली 'आविष्कार'नं छबिलदास शाळेचा हॉल प्रायोगिक नाटकांसाठी खुला केला. दादर स्टेशनच्या पश्चिमेला, फेरीवाल्यांच्या गर्दीतल्या गल्लीत. खाली श्रीकृष्णचा बटाटावडा तळला जातोय, वर जिन्यानं चढलं की नाटक. दिवसा जिथं प्रार्थना आणि परीक्षा, तिथं संध्याकाळी अमोल पालेकर 'गोची' करतायत, बादल सरकारांचं 'जुलूस' प्रेक्षकांना घेराव घालून फिरतंय. पुढची दीड-दोन दशकं त्या हॉलच्या नावानंच एक चळवळ ओळखली गेली. 'छबिलदास' असं नुसतं म्हटलं तरी जुन्या नाटकवाल्याचा चेहरा बदलतो. खुर्च्या टोचत होत्या, उकाडा होता, बाहेरचा गलका आत येत होता, याबद्दल त्याची तक्रार नसते. तो ते सगळं अभिमानानं सांगतो.

पण असा हॉल अभिनयाचं करतो तरी काय, हे एकदा मोजून पाहिलं. मोठ्या नाट्यगृहात शेवटच्या रांगेतला प्रेक्षक नटापासून अंदाजे ऐंशी फुटांवर धरा. तिथून नटाचा चेहरा किती मोठा दिसेल? हात लांब करून बोटांत मटारचा दाणा धरा, साधारण तेवढा. त्या दाण्यावर दुःख दाखवायचं असेल तर मान, खांदे, हात, आवाज सगळं वापरावं लागतं. जुन्या संगीत नाटकातला अभिनय 'मोठा' का होता, याचं अर्धं उत्तर त्या दाण्यात आहे. आता छबिलदाससारख्या जागी पुढच्या ओळीत, आठ फुटांवर बसा. तोच चेहरा लांब केलेल्या हातातल्या बटाटेवड्याएवढा होतो. म्हणजे दहापट. ओठाच्या कडेची हालचाल दिसते. घाम दिसतो. नट खोटं बोलतोय हेही दिसतं, तीच पंचाईत. हाताचे हावभाव इतक्या जवळून ओरडल्यासारखे वाटतात, म्हणून ते गिळावे लागतात. मग जे उरतं ते नटाच्या आत असावं लागतं, नाहीतर उरतच नाही.

योगायोग बघा. बेणारे उभी राहिली १९६७ साली. पुढच्याच वर्षी, १९६८ मध्ये, इंग्लंडात पीटर ब्रुकचं मोकळ्या जागेबद्दलचं प्रसिद्ध पुस्तक आलं आणि त्याच वर्षी पोलंडच्या येर्झी ग्रोटोव्स्कीचे 'गरीब रंगभूमी'वरचे लेख पुस्तकरूपानं निघाले. दोघांचा रोख एकच. पडदे, नेपथ्य, रंगरंगोटी सगळं काढून टाकत गेलं तर नाटक म्हणून शेवटी काय शिल्लक राहतं? नट आणि प्रेक्षक. कलकत्त्यात बादल सरकार आपल्या वाटेनं तिथंच पोचले. दादरच्या मंडळींना मात्र ही गरिबी पुस्तकातून शिकावी लागली नाही, ती घरचीच होती! हे मी टिंगल म्हणून लिहीत नाही. तत्त्व म्हणून निवडलेली मोकळी जागा आणि परवडत नाही म्हणून मिळालेली मोकळी जागा यांत फरक असतो, पण नटाच्या अंगात दोन्ही सारख्याच मुरतात.

आपल्या भाषेला मात्र हे फार आधीपासून माहीत असावं. नाटकाच्या खेळाला आपण 'प्रयोग' म्हणतो. प्रयोगशाळेत होतो तोही प्रयोगच. नटाचा शंभरावा प्रयोग आणि शाळेच्या टेबलावरचा लिटमसचा प्रयोग यांना मराठीत एकच शब्द, आणि कुणालाही त्यात गोंधळ वाटत नाही. 'प्रायोगिक रंगभूमी' हे नाव म्हणजे खरं तर पुनरुक्ती झाली. प्रत्येक प्रयोग प्रायोगिकच, कारण आज समोर बसलेली माणसं काल नव्हती. सुलभाताईंनी तो शब्द शाळेकडून रंगभूमीकडं नेला आणि परत शाळेकडं आणला, असं म्हणायचा मोह होतो. कारण 'आविष्कार'मध्ये त्यांनी मुलांसाठी 'चंद्रशाला' चालवली आणि तिच्या 'दुर्गा झाली गौरी'मध्ये मुलांची अख्खी फौजच्या फौज रंगमंचावर नाचली. पिढ्या बदलल्या, दुर्गा बदलल्या, ते नाटक पुन्हा पुन्हा उभं राहिलं. ज्यांनी मुलांसोबत एक तास काढलाय त्यांना कळेल, की एवढ्या पोरांना एका तालात आणणं हे दहा सेकंदं ताणण्यापेक्षा सोपं नाही. १९७८ सालचा 'राजा रानी को चाहिए पसीना' हा मुलांचा हिंदी चित्रपटही त्यांनीच दिग्दर्शित केला.

सिनेमानं त्यांना वेगळ्याच लोकांपर्यंत पोचवलं. १९७१ साली सत्यदेव दुबे यांनी 'शांतता!'चा चित्रपट केला, त्यात बेणारे त्याच होत्या. गोविंद निहलानींनी छायालेखक म्हणून तिथंच सुरुवात केली, अमोल पालेकरांचंही ते पडद्यावरचं पहिलं पाऊल. पुढं श्याम बेनेगलांच्या 'भूमिका'त त्या स्मिता पाटीलच्या आई झाल्या. आणि २०१२ साली 'इंग्लिश विंग्लिश'मध्ये श्रीदेवीच्या सासूबाई. थिएटरात माझ्या शेजारी बसलेल्या कॉलेजातल्या मुली त्यांना बघून "किती गोड आजी" म्हणाल्या. मला सांगावंसं वाटलं, की बाळांनो, या आजींनी एकेकाळी अख्ख्या कोर्टाचं घड्याळ थांबवलं होतं. सांगितलं नाही. मध्यंतर झालं होतं आणि पॉपकॉर्नची रांग मोठी होती.

अरविंद देशपांडे १९८७ च्या जानेवारीत गेले. संस्था बंद पडली असती तर कुणी दोष दिला नसता. पण सुलभाताई आणि अरुण काकडे (नाटकवाल्यांचे काकडेकाका) यांनी ती चालू ठेवली. छबिलदास सुटलं, माहीमच्या महापालिका शाळेत बिऱ्हाड गेलं. पुन्हा शाळाच! १९९४ साली 'आविष्कार'नं महेश एलकुंचवारांची वाडा चिरेबंदी, मग्न तळ्याकाठी आणि युगान्त ही तिन्ही नाटकं चंद्रकांत कुलकर्णींच्या दिग्दर्शनाखाली सलग केली. सकाळी घरून निघालेला प्रेक्षक एका घराण्याची पडझड बघून रात्री परतायचा. जी मंडळी दहा सेकंदांची काही मिनिटं करू शकत होती त्यांनी एका दिवसाच्या दोन पिढ्या केल्या. नाइट अर्थातच नव्हती, म्हणजे पैशांची.

४ जून २०१६ रोजी सुलभाताई गेल्या. १९३७ चा जन्म, म्हणजे ऐंशीला टेकल्या होत्या.

नाटकाच्या शेवटाबद्दल एक राहिलं. सगळे उठतात, रात्रीच्या खऱ्या कार्यक्रमाच्या तयारीला लागतात, बेणारेला "अहो, गंमत होती" म्हणून हलवतात. ती पडून असते. सामंत, तोच तो गावचा साधा माणूस, आपल्या पुतण्यासाठी घेतलेला हिरव्या कापडाचा पोपट हळूच तिच्याजवळ ठेवतो आणि मागं सरतो. या खेड्याचं नाव तेंडुलकरांनी नाटकात कुठं दिलेलं नाही. मी मनातल्या मनात ते नेहमी मनोरी धरतो. होडीतून उतरलेली शहरातली माणसं, त्यांना हॉल दाखवणारा गावचा कुणीतरी, बाहेरून लागणारी कडी.

त्या शनिवारी संध्याकाळी बोंबील सुकत घातलेल्या वलांडींच्या बाजूनं मी बंगल्यावरून गेलो. पडवीत पोरंपोरी गोल करून बसली होती. मधे एक मुलगी उभी आणि बाकीचे पुतळ्यासारखे गोठलेले. कुठलं नाटक होतं कुणास ठाऊक. मी कुंपणाशी थांबलो. ती काहीच बोलत नव्हती, नुसती श्वास घेत होती, आणि डास चावत असूनही एकानंही हात हलवला नाही. मग त्यातला एक मुलगा न राहवून खाजवायला लागला, सगळे हसले, आणि ती म्हणाली, "चला, पुन्हा."

मार्व्याला परतणारी होडी सुटायची होती, म्हणून मी निघालो.